चिप वाचली का?

आमच्या दुकानातल्या प्रोग्रामरला पगार किती देता, असं माझ्या आईला तिच्या शेजारणीनं विचारलं होतं. लेकीनं नांदेडच्या दुकानात प्रोग्रामर आणलाय, हे आईनं गावभर सांगून ठेवलं होतं. शेजारीण म्हणाली, "मग सोयरीक बघायची का त्याला? माझी भाची हाय उदगीरला." आई फोनवर मला हे अगदी गंभीरपणे सांगत होती. मी म्हटलं, "आई, तो अंगठ्याएवढा हाय आणि त्याला एकच हात हाय."

खरंच तेवढाच आहे तो. एक काळी पट्टी. एका टोकाला यूएसबीची पिन, दुसऱ्या टोकाला खाच आणि खाचेच्या बाजूला हिरवा खटका. खटका उचलायचा, खाचेत चिप बसवायची, खटका पाडायचा आणि पट्टी कॉम्प्युटरला जोडायची. चिप म्हणजे तुरीच्या डाळीएवढा काळा चौकोनी तुकडा, दोन्ही बाजूंना चार-चार पाय. टीव्हीचं बटण दाबल्यावर पडदा कसा पेटवायचा, आवाज कुठून काढायचा, रिमोटचं कुठलं बटण कशाचं, हे सगळं त्या तुकड्यात लिहिलेलं असतं. लिखाण बिघडलं की पडद्यावर कंपनीचं नाव येतं आणि टीव्ही तिथंच गोठतो. प्रोग्रामर ते लिखाण वाचतो, पुसतो आणि परत नीट लिहितो. साध्या सुती साडीच्या भावात हे यंत्र घरपोच येतं. माझ्याजवळच्या सगळ्या साड्यांपेक्षा ते जास्त टिकलं आहे.

दुकान नवऱ्याचं. पिक्चर ट्यूबच्या काळात त्यांनी ते सुरू केलं तेव्हा दुकानाबाहेर टीव्हींची रांग असायची. त्यांचा हात फार चांगला. बंद पडलेला टीव्ही उघडून आत नुसतं नाक घातलं, तरी काय जळलंय ते सांगायचे. बोलणं मात्र मुलखाचं कमी. मला ते बघायला आले तेव्हा अख्ख्या कार्यक्रमात "हाव" आणि "न्हाई" असे दोनच शब्द बोलले. लग्नानंतर मला एक गोष्ट कळली. त्यांच्यासमोर एखादी वस्तू उघडून ठेवली की हा माणूस बोलू लागतो. स्क्रू काढता काढता ते लहानपणीच्या गोष्टी सांगतात, कोणाची नक्कल करतात, मधेच गाणंही म्हणतात. म्हणून संसाराची पहिली काही वर्षं माझ्या महत्त्वाच्या सगळ्या गोष्टी मी दुकानात जाऊन बोलले. मोठ्या लेकीचं नाव आम्ही एका उघड्या टेपरेकॉर्डरवर ठरवलंय.

मग एलईडी टीव्ही आले. त्यांच्या पोटात काहीच नसतं. एक पडदा, एक हिरवा बोर्ड आणि भरपूर हवा. कंपनीचा माणूस म्हणायचा, बोर्ड बदला. बोर्डाचा भाव ऐकून गिऱ्हाईक म्हणायचं, मग टीव्हीच बदलतो. बहुतेक सेटना रोग तोच, लिखाण बिघडल्याचा, पण आमच्या बाजारात ते दुरुस्त करणारं कोणी नव्हतं. ह्यांनी थोडे दिवस देगलूरच्या एका ओळखीच्या माणसाबरोबर बोर्ड हैदराबादला धाडून पाहिले. परत येईपर्यंत गिऱ्हाईक शिव्या घालून गेलेलं असायचं. हळूहळू दुकानात मिक्सर, इस्त्री आणि पंखेच उरले. घरी आले की हे जेवायचे आणि भिंतीकडे बघत बसायचे.

त्याच सुमाराला ह्यांच्या आतेभावानं लातूरला हॉस्टेल बांधलं. क्लासच्या भागात तेव्हा जागा मिळेल तिथं हॉस्टेल आणि हॉस्टेलच्या खाली मेस उभी राहत होती. अख्ख्या महाराष्ट्रातले आईबाप आपली पोरं लातूरला आणून सोडत होते. भावजींना रेक्टर पाहिजे होता, घरचा आणि विश्वासाचा. पगार दरमहा, राहायला खोली, जेवण मेसमध्ये. ह्यांनी अर्ध्या तोंडानं होकार देऊनही टाकला. शाळा सुरू होताना ह्यांनी पुढं जायचं, मी आणि पोरींनी मागाहून, असं ठरलं. आमच्या गाळ्याची मापं घ्यायला एक मोबाइलची कव्हरं विकणारा येऊन गेला. त्यानं भिंतीला टेप लावला तेव्हा हे बाहेर जाऊन उभे राहिले.

माझा जीव तिथंच अडकला होता. रेक्टरच्या कामाला मी नावं ठेवत नाही, जबाबदारीचं काम आहे. पण खुर्चीत बसून पोरं किती वाजता आली-गेली बघायचं आणि वेळेवर फाटकाला कुलूप घालायचं, यात ह्यांच्या हाताला उघडायला काय मिळणार? हा माणूस कायमचा गप्प होईल, याची मला भीती वाटत होती. पैशाच्या ओढाताणीची सवय होते. मुक्या नवऱ्याची होणार नाही, हे मला पक्कं ठाऊक होतं.

मी स्वतः लातूरच्या क्लासमधून भाजून निघालेली. डॉक्टर व्हायचं होतं, थोडक्यात हुकलं, मग उदगीरला इलेक्ट्रॉनिक्स घेऊन बीएस्सी केली आणि लग्नात डबे-भांड्यांबरोबर ती पदवीही सासरी आणली. तिचा उपयोग एवढाच, की गल्लीत कोणाचं रिमोट बिघडलं तर सेल उलटे बसवलेत हे मी सांगायची. माझं तोंड मात्र पदवीपेक्षा जास्त गाजलं. भाजीवाले मला भाव सांगताना एकदा इकडेतिकडे बघून घेतात. तर एक दिवस मी ह्यांना सरळ म्हणाले, "हैदराबादचा माणूस जे करतो ते आकाशातून पडलं न्हाई. मी करते. तुम्ही चिप काढून द्या, लिहायचं मी बघते." हे म्हणाले, "इंग्रजी असतं त्यात." मी म्हणाले, "मग मी काय फारसी शिकले?"

प्रत्यक्षात ते इंग्रजीही नव्हतं, अर्धं चिनी होतं. सॉफ्टवेअर उघडलं की निम्म्या बटणांवर डबे आणि झोपड्यांसारखी अक्षरं. कॉम्प्युटरचा अँटिव्हायरस चोर शिरल्यासारखा ओरडायचा. पहिली चिप मी उलटी बसवली. चिपच्या एका कोपऱ्यात बारीक ठिपका असतो, तो खटक्याच्या बाजूला यायला पाहिजे, हे बोट भाजल्यावर कळलं. नंतर एक कोरी चिप बघितली. कोऱ्या चिपमध्ये सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकच अक्षर असतं, एफ एफ एफ एफ. हे माझ्या खांद्यावरून वाकून म्हणाले, "ही तर समद्या विषयांत नापास हाय." महिन्याभरात पहिल्यांदा मी त्यांच्या तोंडून विनोद ऐकला. मी मान वळवली नाही, नाहीतर हसताना सापडले असते.

आमच्या कामाची वाटणी आपोआप झाली. गरम हवेच्या पिस्तुलानं चिप बोर्डावरून उचलायची आणि काम झालं की परत तिथंच डाग देऊन बसवायची, हे त्यांचं काम. इतक्या बारीक पायांवर कथील धरायला जो हात लागतो तो माझ्याकडे नाही. वाचायचं, पुसायचं, लिहायचं हे माझं काम. आणि माझा एकच नियम होता, कुठलीही चिप पुसायच्या आधी वाचायची. वाचलेलं कॉम्प्युटरमध्ये जपून ठेवायचं आणि मगच पुसायची.

यावरून आमचं रोज वाजायचं. हे म्हणायचे, "बिघडलेली चिप वाचून काय करायचं हाय? आडातच न्हाई तर पोहऱ्यात कुठून येईल? खामखा वेळ घालून राहिलीस." गिऱ्हाईक समोर उभं असताना हे बोलले की माझा पारा चढायचा. पण नियम मी सोडला नाही. तो मी कुठल्या पुस्तकातून घेतला नव्हता, वडिलांकडून घेतला होता.

भूकंप झाला तेव्हा मी शाळकरी पोर होते. औशाकडचं आमचं गाव थोडक्यात निभावलं. भिंती झोपल्या, माणसं राहिली. सकाळी उदगीरची मावशी मिळेल त्या वाहनानं आली आणि वेशीपासूनच ओरडत सुटली, "वाचले का? समदे वाचले का?" पुढे कितीतरी दिवस गावात जो येईल तो हेच विचारायचा, आणि आम्ही पोरं "वाचलो, वाचलो" म्हणत त्याच्या मागं पळायचो. आम्हाला काय, शाळेला सुट्टी होती. मग ढिगारे काढायला मशीन आली. वडिलांनी ती आमच्या घरासमोर अडवली. लोक म्हणाले, पडलेल्या घरात आता काय बघायचंय? ते म्हणाले, आधी बघू तर द्या. त्यांनी हातानं एकेक दगड बाजूला केला. आमच्या जात्याची वरची तळी शाबूत निघाली, खालची फुटलेली. शेजाऱ्यांच्या घरात नेमकं उलटं, वरची गेलेली, खालची धड. दोन घरांच्या दोन तळ्या एकमेकींवर ठेवल्या आणि पत्र्याच्या शेडमध्ये दोन्ही घरांनी त्यावर दळलं. जोड नीट बसत नव्हता, पीठ जाडंभरडं यायचं. पण यायचं. मोडकी वस्तू न बघता फेकायची माझी तेव्हापासून टाप नाही.

आता खरी गोष्ट. पोरींच्या शाळा सुरू व्हायला थोडेच दिवस राहिले होते, म्हणजे ह्यांना लातूरला जायलाही तेवढेच. भावजींचा फोन आला. त्यांच्या हॉस्टेलला लागूनच एका मोठ्या क्लासचा हॉल होता. मुख्य वर्गात पोरं मावत नव्हती, म्हणून सर तिकडे शिकवायचे आणि ते या दुसऱ्या हॉलमध्ये भिंतीवरच्या टीव्हींवर दिसायचे. एका वादळात लाइट भप्पकन गेली, आली, परत गेली, परत आली. तेवढ्यात हॉलमधले सगळे टीव्ही गोठले. सरांच्या केबिनमधला एक तेवढा चालू राहिला. भावजी म्हणाले, "दादा, तू इथं येणारच हाईस. जाता जाता हे शेवटचं काम करून टाक, सरांची वळख होईल." शेवटचं, हा शब्द मला आवडला नाही. ह्यांनी तो ऐकलाही नसल्यासारखं पान्यांची पिशवी भरली.

हे लातूरला गेले आणि सगळ्या टीव्हींचे बोर्ड काढून, जुन्या टॉवेलांत गुंडाळून घेऊन आले. प्रत्येक बोर्डावर चिकटपट्टी लावून नंबर टाकला होता, तोच टीव्हीच्या पाठीवरही. तपासायला सोबत केबिनमधला चालू टीव्ही अख्खा आणला होता, बसमध्ये मांडीवर घेऊन. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी चिपा उचलून दिल्या आणि डागाची तार संपली म्हणून बाजारात गेले. मी एकेक चिप खटक्यात घालून वाचत बसले. आधी चालू टीव्हीची वाचली, मग बिघडलेल्या सगळ्या. प्रत्येक दोनदा वाचायची, दोन्ही वाचनं सारखी आली तरच खरी. शेवटची वाचून होते न होते तोच फोन वाजला. हे बाजारातून बोलत होते.

"वाचल्या का गं?"

"हाव, वाचल्या समद्या."

"समद्या? एकबी न्हाई गेली?"

"एकबी न्हाई. मस्त वाचल्या."

किती नीट उत्तर दिलं, याचं माझं मलाच समाधान वाटलं. मी चहा ठेवला.

हे परत आले ते शीळ घालत. पिशवीत डागाची तार आणि पोरींसाठी जिलबी. म्हणाले, "सरांचा फोन आलता. मी सांगून टाकलं, समद्या वाचल्या म्हणून. उद्या दुपारच्या बॅचला हॉल उघडून राहिले ते. पोरांना मेसेजबी गेले."

माझ्या हातातला कप तसाच राहिला. "अहो, मी अजून एकबी चिप लिहिली न्हाई. मी वाचल्या म्हणाले. वाचल्या. डोळ्यानं वाचतो तसं!"

"मंग मी काय इचारलं?"

"ते तुम्हालाच ठाऊक!"

त्यांचा चेहरा बघून मला राग आवरता येईना आणि हसूही. मराठी भाषेनं आमच्या दोघांच्या मध्ये बसून आम्हाला बनवलं होतं. इतके दिवस ज्या शब्दासाठी मी भांडत होते, त्यानंच घात केला. जिलबी खाल्ली आणि कामाला लागलो.

दिवसभरात चालू टीव्हीचं धड लिखाण एकेका चिपमध्ये उतरवलं. त्यांनी चिपा बसवल्या. एकेक बोर्ड सोबत आणलेल्या टीव्हीला जोडून बघितला आणि प्रत्येक वेळी चित्र आलं. दिवेलागणीला सगळे बोर्ड परत टॉवेलात गेले. हे म्हणाले, "सकाळी जाऊन बसवून येतो." मी म्हणाले, "मी पण येणार. तुम्ही तिथं जाऊन अजून काय सांगाल याचा नेम न्हाई." पोरींना जावेकडे ठेवलं, वाचनं साठवलेला दुकानाचा जुना लॅपटॉप, प्रोग्रामर आणि गरम हवेचं पिस्तूल पिशवीत टाकलं आणि पहिल्या बसनं लातूर गाठलं.

कितीतरी वर्षांनी मी क्लासच्या त्या गल्लीत पाय ठेवला. भिंतीभर पास झालेल्या पोरांचे फोटो, सायकली, मेसमधून येणारा फोडणीचा वास. पूर्वी इथून मी फोटोंकडे न बघता जायची. त्या दिवशी निवांत बघत गेले, कारण माझी परीक्षा नव्हती असं मला वाटत होतं.

हे शिडीवर चढून बोर्ड बसवू लागले. पहिला टीव्ही सुरू झाला, दुसरा, तिसरा. पलीकडच्या वर्गात सर कॅमेऱ्यासमोर उभे राहून तपासणी करत होते, ते इकडे तिन्ही पडद्यांवर स्पष्ट दिसले. मग पलीकडच्या भिंतीवरचा टीव्ही लावला आणि त्यात सर डोक्यावर उभे होते. पाय वर, फळा खाली, हातातला खडू छताकडे. हॉलमध्ये लवकर येऊन जागा धरलेल्या पोरी खिदळायला लागल्या. त्या भिंतीवरच्या सगळ्या टीव्हींत तोच प्रकार. सरांचं सगळीकडे शीर्षासन.

सर तिकडून बघायला आले आणि स्वतःकडे बघत राहिले. भावजीही किल्ल्यांचा जुडगा हातात घेऊन आले होते. तो जुडगा त्यांनी ह्यांच्यासाठीच आणला होता, हे मला विचारावं लागलं नाही. क्लासचा शिपाई म्हणाला, "ह्यात काय अवघड हाय? टीव्हीच उलटा टांगू." आणि कोणी नको म्हणायच्या आत त्यानं आणि भावजींनी एक टीव्ही उतरवून खरंच उलटा टांगला. सर पायावर आले, पण आता त्यांचा खडूचा हात डावा झाला आणि फळ्यावरची अक्षरं आरशातल्यासारखी. सर म्हणाले, "यातून फिजिक्स शिकली पोरं तर माझा क्लास संपला." ते चिडले नव्हते, पण घड्याळाकडे त्यांनी दोनदा बघितलं.

ह्यांनी दोन टीव्हींच्या पाठी शेजारी शेजारी ठेवून बघितल्या आणि खाली मान घालून मला म्हणाले, "पडदा दुसरा हाय. वरून सारखेच दिसतात, पण ह्या भिंतीवरचे मागाहून घेतलेले हाईत. आपलं लिखाण पहिल्या पडद्याचं." म्हणजे चालू टीव्हीचं धड लिखाण या टीव्हींच्या कामाचं नव्हतं. यांना यांचंच लिखाण पाहिजे होतं, आणि या जातीचा एकही धड टीव्ही त्या हॉलमध्ये नव्हता. काल आम्ही चिपा पुसून टाकल्या होत्या. ह्यांचा चेहरा उतरला. त्यांनी भावजींच्या हातातल्या किल्ल्यांकडे बघितलं. ते मी बघतेय हे त्यांच्या लक्षात आलं नाही.

"पुसल्या हाईत, पण वाचून पुसल्या हाईत," मी म्हणाले.

मी शेवटच्या बाकावर लॅपटॉप उघडला. त्या भिंतीवरच्या टीव्हींचे नंबर ह्यांनी सांगितले आणि त्या नंबरांची बिघडलेली वाचनं मी एकमेकांशेजारी लावली. सॉफ्टवेअरमध्ये दोन लिखाणं जुळवायची सोय असते, जिथं फरक तिथं लाल. आवाज आणि चॅनेल यांचे बारीक फरक सोडले, तर प्रत्येक लिखाण एखाद्याच जागी फाटलेलं होतं, आणि प्रत्येकाची जागा वेगळी. एकाची सुरुवात गेलेली, दुसऱ्याच्या मधला तुकडा, तिसरं शेवटाकडे बिघडलेलं. एकात जे पान नाही ते दुसऱ्यात धड होतं. मी तुकडा उचलायची, ठिगळ लावायची, परत तिसऱ्याशी जुळवून बघायची. हे माझ्या शेजारी बाकावर येऊन बसले. त्यांना स्क्रीनवरचं अक्षर कळत नव्हतं, पण लाल कमी होत चाललंय ते कळत होतं. लाल पट्टा गेला की हळूच म्हणायचे, "गेलं." मग, "अजून एक हाय बघ खाली." नंतर त्यांनी मला लहानपणी मुदखेडच्या स्टेशनवर चुकून दुसऱ्याच गाडीत बसल्याची गोष्ट सांगायला घेतली. हॉलभर माणसं, दुपार डोक्यावर आलेली, नाव पणाला लागलेलं, आणि हा माणूस मला गोष्ट सांगत होता. मी ऐकत ऐकत ठिगळं लावली. खोटं कशाला बोलू, मला फार छान वाटत होतं.

एक चिप उचलून लिहिली, बसवली. शिडीवर चढून ह्यांनी बटण दाबलं. कंपनीचं नाव आलं, नाव गेलं आणि सर सरळ उभे राहिले. पोरींनी टाळ्या वाजवल्या. सर स्वतःच्या चित्राकडे बघून म्हणाले, "आता बरा दिसतो." मग बाकीच्या चिपा. ह्यांचा हात चालत होता, माझा चालत होता, आमच्यात बोलायची गरज पडली नाही. बॅचची पोरं दारातून आत यायला लागली तेव्हा हे शेवटच्या टीव्हीचा मागचा स्क्रू आवळत होते.

लेक्चर सुरू झालं. आम्ही मागं उभं राहून थोडा वेळ बघितलं. इतकी पोरं एका वेळी मान वर करून आमच्या कामाकडे बघत होती, आणि कोणाला ते आमचं काम आहे हे माहीत नव्हतं, तेही मला आवडलं.

मग भावजी आम्हाला हॉस्टेलच्या ऑफिसात घेऊन गेले. चहा सांगितला, ह्यांच्यासाठी ठेवलेली खोली दाखवली. खोली चांगली होती, खिडकी होती, नवी गादी होती. चहा झाल्यावर त्यांनी किल्ल्यांचा जुडगा टेबलावर ह्यांच्या बाजूला सरकवला. "मंग दादा, कधीपासून यायलास?"

मी माझं गाजलेलं तोंड दाबून बसले. हे ह्यांचं ह्यांनीच बोलायला पाहिजे होतं. ह्यांच्यासमोर उघडायला काही नव्हतं. जुडग्याला त्यांनी बोट लावलं आणि तो परत भावजींच्या बाजूला सरकवला.

"न्हाई येत रं. राग मानू नको. दुसरा माणूस बघून देतो तुला."

भावजींना खरंच कळेना. त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं. ते म्हणाले, "अरे पण दादा, त्या दुकानात आता हाय काय?"

ह्यांनी माझ्याकडे न बघता, नुसती मान माझ्या बाजूला करून सांगितलं, "ही हाय की."

लग्नाला इतकी वर्षं झाली होती. मला काहीतरी बोलायलाच पाहिजे होतं, सगळे माझ्याकडे बघत होते. मी म्हणाले, "चहा घ्या ना." चहा कधीच पिऊन झाला होता.